केंदाळ कोण खाणार?

गावच्या तळ्यावर केंदाळ पसरलं की दोन प्रकारची माणसं भांडायला लागतात. एकाला ते उद्याच्या उद्या उपसून बाहेर टाकायचं असतं, दुसऱ्याला ते आलंच का हे आधी बोलायचं असतं. कोल्हापूर भागातल्या आमच्या तलाव समितीत दोघंही आहेत. अण्णा पाटबंधारे खात्यातून उपअभियंता म्हणून निवृत्त झाले. त्यांची सगळी नोकरी पंचगंगेच्या खोऱ्यातल्या कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्यांवर बर्गे, म्हणजे पाणी अडवायच्या फळ्या, घालण्यात आणि काढण्यात गेली. मॅडम तालुक्याच्या कॉलेजात प्राणीशास्त्र शिकवतात आणि कीटकांविषयी बोलायला लागल्या की घड्याळ बघत नाहीत. तिसरे मामा, मच्छीमार सोसायटीचे अध्यक्ष. ते कमी बोलतात, पण बोलतात तेव्हा बाकीच्यांना थांबावं लागतं. इतिवृत्त लिहायचं काम माझ्याकडे असतं. त्यात ‘विषयावर सविस्तर चर्चा झाली’ एवढंच आलं आहे. ती सविस्तर चर्चा ही अशी. केंदाळ म्हणजे जलपर्णी, पुण्यामुंबईच्या वाचकांनी तसं वाचावं.

अण्णा : मॅडम, लांबण नको. दोन पोकलेन, चार डंपर, पंधरा दिवस. मे संपायच्या आत तळं मोकळं. अंदाजपत्रक मी तयारच ठेवलंय.

मॅडम : कशावर केलंय अण्णा? खेपांवर?

अण्णा : छे! खेपांवर कोण करतंय आता? अर्धा डंपर भरायचा आणि खेप पूर्ण दाखवायची, हे सगळं बघून झालंय. टनावर. वजनकाट्याची पावती असल्याशिवाय बिल नाही.

मॅडम : दाट केंदाळ हेक्टरी दोनशे टनांच्या आसपास धरा. आपलं तळं पंचवीस एकर, म्हणजे दहा हेक्टर. झाले दोन हजार टन. त्यात पाणी किती असेल?

अण्णा : असेल की, निम्मं, पाऊण.

मॅडम : शंभरात पंच्याण्णव. दोन हजार टनांत सुका माल जेमतेम शंभर टन. उरलेलं एकोणीसशे टन तळ्याचंच पाणी आपण डंपरमध्ये भरणार, काट्यावर नेणार, आणि त्याचे पैसे मोजणार.

अण्णा : मग काठावर आठ दिवस वाळवायचं आणि मग उचलायचं. निविदेत अट घालू.

मॅडम : ज्याचं बिल वजनावर निघतं तो माणूस वजन उन्हात घालवत बसेल?

अण्णा हसले. मोजमाप पुस्तिकेत काय लिहिलं जातं आणि जागेवर काय असतं यातलं अंतर त्यांना आमच्यापेक्षा चांगलं ठाऊक आहे. त्यांनी पेन काढून ‘टन’ या शब्दाखाली रेघ मारली आणि पुढे बोलायला लागले. हार मानली असं मात्र त्यांच्या चेहऱ्यावर काही नव्हतं.

अण्णा : बरं, टनाचं बघू. पण उपसायचं तर आहे ना? मामांना विचारा. जाळं टाकायला पाणीच दिसत नाही.

मामा : होडीच सरकत न्हाई वो. वल्हं मारलं की मुळ्याच मुळ्या. खाली मासा हाय का न्हाई त्ये बी कळंना. चिलापी तेवढी सापडती, कटला-रोहू गेलं म्हनायचं.

मॅडम : उपसू नका असं मी म्हणत नाही. उपसून संपत नाही, एवढंच म्हणतेय. समजा पोकलेनवाल्याने नव्याण्णव टक्के काढलं. एक टक्का राहिलं, पानकणसांत, काठाच्या खाचेत. हे झाड बियांची वाट बघत नाही. आडवा धुमारा सोडतं, त्याच्या टोकाला नवं रोप. ऊन आणि खत असलं की पंधरवड्यात दुप्पट. एकाचे दोन, दोनाचे चार. सात वेळा दुप्पट झालं की तळं परत भरलं. हिशेब करा.

अण्णा : सात पंधरवडे. साडेतीन महिने.

मॅडम : मेमध्ये काढलंत तर दिवाळीच्या आधी परत. शिवाय बिया आहेतच. गाळात बसल्या की पंधरा-वीस वर्षं जिवंत राहतात. उन्हाळ्यात पाणी मागे हटतं, चिखल उघडा पडतो, त्याला ऊन लागतं, की रुजल्या.

अण्णा : आणि पोकलेन तोच चिखल चाळवणार. हं.

इथे अण्णा थोडा वेळ गप्प होते. मग त्यांनी बंधाऱ्यांचा विषय काढला, आणि तो मला या सगळ्या चर्चेतला सगळ्यात कामाचा भाग वाटला, म्हणून जरा सविस्तर देतो.

अण्णा : तुम्ही नदीवर बघितलंय का? पाऊस ओसरला की आम्ही बर्गे घालतो. नदीचं तळं होतं. वरून शहराचं मैलापाणी, दोन्ही काठांवर ऊस, त्याचा युरिया. थंडी सरते आणि बंधाऱ्याच्या मागे हिरवा गालिचा. इचलकरंजीपर्यंत लोक बोंबलतात. पेपरात फोटो. मग पहिला पूर आला की बर्गे काढलेले असतात, सगळं केंदाळ एका रात्रीत खाली. पंचगंगा मिळते कृष्णेला नरसोबाच्या वाडीला. दत्तमहाराजांच्या पायाशी आमचा नैवेद्य. तिथून कर्नाटक. आम्ही म्हणायचो, गेलं! आणि ऑफिसात फाईल बंद. खालचे लोक त्याच आठवड्यात त्यांची फाईल उघडायचे.

मॅडम : मग तुमच्या पंधरा दिवसांत आणि पुरात फरक काय?

अण्णा : पूर फुकट असतो.

मॅडम : (हसत) आता माझं ऐका. या झाडाचा शत्रू आहे. दक्षिण अमेरिकेतून झाड आलं, तिथलाच त्याचा किडा आणला. निओकेटिना नावाचे सोंडकिडे, दोन जाती. १९८२-८३ मध्ये बंगळूरच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेने आणले, तपासून सोडले. मोठा किडा पान खरवडतो, पानावर चौकोनी पांढरे डाग दिसतात. तो देखावा आहे. खरं काम अळीचं. ती देठात भोक पाडून गाभ्यापर्यंत जाते. त्या भोकातून बुरशी शिरते, सड लागते, देठाची हवा जाते आणि झाड बसतं. कोष होतो मुळांत. सगळं आयुष्य त्याच एका झाडावर.

अण्णा : आणि केंदाळ संपलं की ऊस?

मॅडम : हा प्रश्न पहिल्यांदा त्यांनीच विचारला. भात, भाजी, ऊस, फुलझाडं असं किती तरी त्याच्यासमोर ठेवून, उपाशी ठेवून बघितलं. तो मरतो, पण दुसरं खाऊन वंश वाढवत नाही. बंगळूरच्या हेब्बाळ तळ्यावर काही वर्षांत केंदाळ बसलं, याच्या नोंदी आहेत.

अण्णा : त्याच बंगळूरच्या बेळ्ळंदूर तळ्याला आग लागली होती, फेस रस्त्यावर आला होता आणि केंदाळही होतंच. तिथे तुमचा किडा रजेवर होता काय?

मॅडम : नाही. तिथे नाला रजेवर नव्हता.

मी इतिवृत्तात हे वाक्य लिहिलं आणि समितीच्या सदस्यसचिवांनी खोडायला लावलं.

अण्णा : किडा देशात येऊन चाळीस वर्षं झाली म्हणता. मग पंचगंगा, मुळा-मुठा, उजनीचं वरचं पाणी, सगळीकडे केंदाळ कसं?

मॅडम : याला तीन कारणं आहेत. एक, मैलापाणी. नत्र-स्फुरद एवढं असतं की किड्याने एक पान खाईपर्यंत झाड दोन काढतं. खतावलेल्या झाडावर किडाही माजतो, पण झाड त्याच्या पुढे धावतं. दुसरं, पूर. केंदाळासोबत किडे वाडीला जातात. तिसरं, दर उन्हाळ्यात तुमचा पोकलेन. किड्यांची अंडी, अळ्या, कोष सगळं झाडातच असतं. झाड उपसून डंपरमध्ये घातलं की किड्यांची पूर्ण वस्ती गेली. मागे राहिलेल्या एक टक्क्यावर किडा नाही, आणि ते मोकाट वाढतं. आपण शत्रूच्या शत्रूला आधी मारतो.

अण्णा : म्हणजे तुमचा किडा गरिबाच्या पाण्यात चालतो. जिथे घाण नाही तिथे.

मॅडम : बरोबर.

अण्णा : आणि जिथे घाण नाही तिथे केंदाळही एवढं माजत नाही.

मॅडम : तेही बरोबर. पण थांबा. आफ्रिकेतलं व्हिक्टोरिया सरोवर. युगांडाने १९९५ मध्ये हेच किडे सोडले. १९९८ च्या सुमारास हजारो हेक्टर केंदाळ होतं, बंदरांत जहाजं अडकायची. पुढच्या दोन वर्षांत बहुतेक गेलं.

अण्णा : किड्यांनी?

मॅडम : यावर अजून वाद आहे. १९९७-९८ ला एल निनो होता, पाऊस प्रचंड, आभाळ भरलेलं, लाटा, पाण्याची पातळी वाढलेली. काही म्हणतात झाडं त्यानेच मोडली. काही म्हणतात किड्यांनी पोखरली नसती तर लाटांनी काय होणार होतं. मला दुसरं पटतं. पण केनियाच्या बाजूच्या आखातात ते नंतर परत आलं, हेही सांगते.

अण्णा : प्रामाणिक आहात, म्हणून तुमच्याशी भांडायला मजा येते.

मॅडम : आणि एक जवळचं उदाहरण. बैतूल जिल्ह्यात, आपल्या अमरावतीच्या वर, सारनीला औष्णिक वीज केंद्राचा जलाशय आहे. तिथे केंदाळ नव्हतं, साल्व्हिनिया होती, तरंगणारा नेचा, ब्राझीलचा. केरळात तिला आफ्रिकन पायल म्हणतात. केरळात १९८० च्या दशकात तिच्यावर सर्टोबॅगस नावाचा दोन-तीन मिलिमीटरचा सोंडकिडा सोडला होता, ऑस्ट्रेलियातून आणून, आणि चाललं. सारनीला जबलपूरच्या तण संशोधन संचालनालयाने तोच सोडला. दीडेक वर्षात जलाशय मोकळा झाला. साल्व्हिनियाला बी येत नाही. बी नसलेलं तण किड्याला झेपतं.

अण्णा : आणि आपलं बीवालं.

मॅडम : आपलं बीवालं, पुरावालं आणि नाल्यावालं.

औषध मारण्याचा मुद्दा कोणीतरी काढणारच होतं, तो सदस्यसचिवांनी काढला. यावर फार वेळ गेला नाही. अण्णा म्हणाले, स्वस्त पडतं, आठवड्यात पिवळं दिसतं, फोटो छान येतो. मॅडम म्हणाल्या, पिवळं झालेलं दोन हजार टन जातं कुठे? खाली बसतं, कुजतं, पाण्यातला प्राणवायू खातं, आणि नत्र-स्फुरद परत त्याच पाण्यात सोडतं, पुढच्या पिकाला. ग्लायफोसेटच्या वापरावर केंद्राने २०२२ च्या ऑक्टोबरात निर्बंधांची अधिसूचना काढली होती हेही त्यांनी सांगितलं. पण विषय संपवला मामांनी.

मामा : वरच्या गावात मारलं हुतं. चार दिसांनी मासा उताणा. जनावरं पाण्याला जाईनात. त्ये नगं. जाळं नसलं तर चालंल, पण पाणी इखाचं नगं.

मग जलपर्णीच्या ‘उपयोगा’वर आलो. यावर माझं मत मॅडम आणि अण्णा दोघांपेक्षा कडू आहे, म्हणून आधी ते सांगतो. दर काही महिन्यांनी वर्तमानपत्रात एक फोटो येतो. बचत गटाच्या बायका, हातात जलपर्णीच्या देठांची टोपली किंवा पायपुसणं. टोपली चांगली असते, बायकांना दोन पैसे मिळतात ते तर फारच चांगलं. पण टोपलीला लागतात निवडक लांब देठ, वाळवलेले. दोन हजार टनांतून असे किती निघणार? पाण्यावर काही फरक पडत नाही. फोटोखालच्या मथळ्यात मात्र ‘समस्येचं संधीत रूपांतर’ झालेलं असतं.

मॅडम : तुम्ही फारच तुटून पडता. बांगलादेशात सखल भागात लोक केंदाळाचेच तरंगते वाफे करतात, त्यावर भाजी, रोपं लावतात. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेने २०१५ मध्ये त्याला जागतिक महत्त्वाच्या शेती वारशात धरलं. पिढ्यान्‌पिढ्यांचं आहे ते.

अण्णा : तिथे सहा-सहा महिने शेतात पाणी असतं, त्यांना दुसरा वाफा कुठून मिळणार? आपल्या पंचवीस एकरांवर वाफे घातले तर मामा कुठे जाणार?

मॅडम : खत तर होतं ना? गांडूळ खत, बायोगॅस.

अण्णा : होतं. मी बघितलंय. आणि नंतर काय होतं तेही बघितलंय. एकदा खताचा प्रकल्प उभा राहिला, अनुदान आलं, यंत्र आलं, तीन माणसं कामाला लागली, की केंदाळ यायलाच पाहिजे. नाही आलं तर प्रकल्प बंद. मग केंदाळ संपवायला कोण निघेल?

मॅडम : आणि वरून कारखान्याचं पाणी येत असेल तर त्या खतात जड धातू आले का, ते तपासायला हवंच. केंदाळ धातू शोषून घेतं. आपल्याकडे कारखाना नाही म्हणून ठीक. जाऊ द्या, तुम्हाला एक गंमत सांगते. अमेरिकेत लुइझियानामध्ये हेच केंदाळ माजलं होतं. तिथल्या ब्रुसार्ड नावाच्या खासदाराने १९१० मध्ये काँग्रेसमध्ये विधेयक आणलं, की आफ्रिकेतून पाणघोडे आणू. ते केंदाळ खातील, आणि मांसाची टंचाई आहे, लोक पाणघोडे खातील.

मामा : मंजूर झालं?

मॅडम : नाही.

मामा : बरं झालं. त्यो पाणघोडा नंतर तळ्यातनं कोन काढनार?

इथपर्यंत दोघं आपापल्या जागी होते. बैठकीचं वळण बदललं ते एका मुद्द्याने, आणि तो मॅडमनीच स्वतःच्या विरुद्ध मांडला. सत्तरच्या दशकात अमेरिकेच्या नासा संस्थेत वुल्व्हर्टन नावाच्या शास्त्रज्ञाने मिसिसिपीत मैलापाणी शुद्ध करायला मुद्दाम केंदाळ वापरलं होतं, असं त्या सांगत होत्या.

मॅडम : म्हणजे आपलं तळं नाल्याची घाण घेतंय आणि केंदाळ ती ओढून अंगात साठवतंय. आपल्या गावाला सांडपाणी प्रक्रिया केंद्र नाही, हे केंदाळच ते काम करतंय. उद्या तुम्ही सगळं काढलंत आणि नाला तसाच ठेवलात, तर महिन्याभरात पाणी हिरवं होईल. शेवाळ, नीलहरित जिवाणू. त्यातले काही विषारी असतात. मग केंदाळ बरं होतं म्हणायची वेळ येईल.

अण्णा : म्हणजे काढू नको म्हणताय?

मॅडम : उलट. ऐका. केंदाळाने जी घाण अंगात घेतली, ती ते तळ्यात कुजलं तर तळ्यालाच परत. तुम्ही ते बाहेर काढलंत, काठापासून लांब नेऊन टाकलंत, तर तेवढं नत्र-स्फुरद तळ्यातून कायमचं गेलं. पोकलेनचा खरा फायदा हा आहे. दिसण्याचा नाही. तुम्ही केंदाळ काढत नाही, नाल्याने आणलेलं खत काढता. आणि त्यासाठी एका उन्हाळ्यात पंधरा दिवस नाही, वर्षभर थोडं थोडं काढायला पाहिजे, झाड वाढत असताना.

अण्णांनी चष्मा काढला. इतकी वर्षं पोकलेनची बाजू घेणाऱ्या माणसाला पोकलेनची इतकी चांगली बाजू विरोधी पक्षाने मांडून दिली, याचं त्यांना काय करावं ते कळेना.

अण्णा : वर्षभर थोडं थोडं काढायला पोकलेन परवडत नाही. पोकलेन बोलावला की भाडं सुरू.

मॅडम : मग माणसं. होड्या. मामांची सोसायटी.

मामा : आमी काढू की. पन पैसं कसं देनार? टनावर? मग आमी बी केंदाळ वाढवून काढू.

सगळे हसले, आणि माझ्या मते त्या बैठकीतलं सगळ्यात खरं वाक्य तेच होतं. टनावर पैसे दिले तर केंदाळ हे पीक होतं. ठेकेदार असो की सोसायटी, पैसे उपसलेल्या केंदाळाचे मिळणार असतील तर पहिला ठिपका नोव्हेंबरात दिसला तरी कोणी काढणार नाही. एक होडी आणि दोन माणसं अर्ध्या दिवसात काढतील एवढाच तो असतो, पण त्याला वजन नाही, म्हणजे बिल नाही. तो एप्रिलपर्यंत पंचवीस एकर होऊ द्यायचा आणि मग निविदा काढायची. मी पैसे मोकळ्या पाण्याचे द्यावेत असं म्हटलं. दर महिन्याला तळं जितकं मोकळं, तितके पैसे. केंदाळ किती काढलं ते विचारायचंच नाही.

अण्णा : कल्पना चांगली आहे, पण मोजमाप पुस्तिकेत काय लिहायचं? मोकळं पाणी मोजणार कोण? टेप धरून होडीत बसू?

मॅडम : सेंटिनेल उपग्रहाचे फोटो फुकट मिळतात. साधारण पाच दिवसांनी एक. केंदाळ आणि पाणी त्यात स्वच्छ वेगळं दिसतं. एक ठिपका दहा मीटर बाय दहा मीटर.

अण्णा : शंभर चौरस मीटर? अहो, म्हणजे जवळपास एक गुंठा!

मॅडम : जवळपास.

अण्णा : म्हणजे आपलं तळं हजार गुंठे. फोटोत मोजायचे किती गुंठे हिरवे, किती निळे. गुंठ्यावर दर! हे कुठल्याही लेखापरीक्षकाला समजतं. पण पावसाळ्यात ढग.

मॅडम : पावसाळ्यात तुमचं पेन आणि मामांची होडी.

अण्णांना एकदम उत्साह आला. त्यांनी अंदाजपत्रकाची पाठकोरी बाजू घेतली आणि लिहायला लागले. काम नोव्हेंबरपासून, पाऊस ओसरला की लगेच. सोसायटीशी करार, वर्षाचा. पहिल्या वर्षी एकदा मोठी सफाई करावीच लागेल, ती पोकलेनने, पण गाळ न उचकटता, आणि केंदाळ आठ दिवस काठावर वाळवून मग शेतात. सोसायटीला दरमहा पैसे मोकळ्या गुंठ्यांवर. त्यांना कायद्याचाही मुद्दा घालायचा होता.

अण्णा : जमीनमालकांवर जबाबदारी टाकता येईल का? नाल्याकडेला ज्यांची शेतं आहेत?

मॅडम : बंगालमध्ये टाकली होती. १९२१ मध्ये जगदीशचंद्र बोसांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली, १९३६ मध्ये कायदा केला, की ज्याच्या हद्दीत केंदाळ त्याने काढायचं. १९३७ च्या निवडणुकीत केंदाळ हटवण्याचं आश्वासन प्रचारात होतं, फजलुल हकांच्या पक्षाचं. कायद्याने केंदाळ थांबलं असतं तर बंगालमध्ये ते आज नसतं.

अण्णा : पण कायदा होता.

मॅडम : होता. आणि केंदाळही.

मग मॅडमनी त्यांची मागणी ठेवली. त्यांना किड्यांसाठी एक कोपरा हवा होता. बांबूंचा तरंगता अडसर घालून त्याच्या आत थोडं केंदाळ ठेवायचं, मुद्दाम, किड्यांसह. उरलेल्या तळ्यात जे पुन्हा उगवेल त्यावर तिथून किडे आपोआप जातील. काढताना त्या कोपऱ्याला हात लावायचा नाही.

अण्णा : किती गुंठे?

मॅडम : पन्नास.

अण्णा : वीस. आणि मी सांगेन त्या कोपऱ्यात. केंदाळ वाऱ्याने सरकतं, हे तुम्हाला माहीत आहे. पावसाळ्यात वारा पश्चिमेकडून, सगळं सांडव्याकडे. पूर आला, अडसर तुटला, की तुमचे किडे आणि केंदाळ दोन्ही वाडीला. खालच्या लोकांनी आपल्याला शिव्या घातलेल्या मला चालणार नाहीत. आयुष्यभर खाल्ल्यात. सांडव्यापासून लांब पाहिजे.

मॅडम : सांडव्यापासून सगळ्यात लांब म्हणजे नाल्याचं तोंड. तिथलं केंदाळ सगळ्यात माजलेलं. तिथे किडा मागे पडतो, हेच तर मी मघापासून सांगतेय.

अण्णा : मग आधी नाला वळवू. नाला वळवला की तो कोपरा तुमचा, चाळीस गुंठे घ्या.

मॅडम : हे तुम्ही बैठकीच्या सुरुवातीला म्हणाला असता तर आपण लवकर घरी गेलो असतो.

अण्णा : सुरुवातीला म्हटलं असतं तर कोणी ऐकलं नसतं. नाला म्हटलं की सगळे उठून जातात. केंदाळ दिसतं, म्हणून लोक येतात. पाईप टाकायचा तर साधारण चारशे मीटर, उतार मिळतो, मी बघून ठेवलंय. गावाच्या खाली शोषखड्डे किंवा साधं वनस्पतींचं छोटं तळं, मॅडम तुमची ती पानकणसं लावायची. मैलापाणी त्यातून गेलं पाहिजे, मग तळ्यात. खर्च पोकलेनच्या तीन उन्हाळ्यांएवढा.

मामा : पाईप कुनाच्या रानातनं जाणार?

अण्णा : चार गटांतून.

मामा : त्यातला एक गट आमच्या उपसरपंचांचा हाय.

अण्णा : माहीत आहे. म्हणूनच मी आकडा सांगितला, नाव नाही.

सदस्यसचिवांनी घड्याळाकडे बघितलं. मॅडमनी विचारलं, संमतीपत्र घ्यायला कोण जाणार. कोणी बोललं नाही. मग अण्णाच म्हणाले की आधी चारही गटांचे सातबारे बघू, एखादा भोगवटा सरकारी निघाला तर अर्धं काम सोपं, आणि तलाठी सोमवारी आणि गुरुवारी असतात, तर सोमवारी कोण येतंय ते बोला.